बाहेर काढा

आठवीला आज्ञार्थ शिकवायचा तास आला की मी अजूनही जरा चाचरते. सव्वीस वर्षं मराठी शिकवते आहे. समास, अलंकार, वृत्तं, कशालाच भीत नाही. पण फळ्यावर ‘काढा’ एवढंच क्रियापद लिहून ‘सांगा, यात कर्ता कोण?’ असं पोरांना विचारलं, की मागच्या बाकावर मला नगराळे सर बसलेले दिसतात. चष्मा कपाळावर सरकवून माझ्या उत्तराची वाट पाहत असतात. आणि या प्रश्नाच्या बाबतीत माझा इतिहास काही बरा नाही.

आमची शाळा मारेगाव तालुक्यातली. वणीच्या रस्त्यावर फाटा आहे, तिथून अर्धा किलोमीटर आत. नगराळे सर गणित आणि विज्ञान शिकवायचे. सरकारनं पाच संगणक पाठवले तेव्हा संगणकखोलीही त्यांच्याच गळ्यात पडली. बाकी सगळ्यांनी मोठ्या मनानं ती त्यांना देऊन टाकली, कारण ज्याला संगणक येतो त्याला मतदारयादीपासून पोषण आहारापर्यंत सगळं टाइप करायला बसवतात, एवढं शहाणपण आम्हा सर्वांकडे होतं.

सर उंच, वाळके, पांढऱ्या अर्ध्या बाह्यांच्या शर्टातले. खिशात दोन पेनं. एक शाळेचं, एक स्वतःचं. हजेरी शाळेच्या पेनानं, घरची कामं स्वतःच्या. एकदा फोनवर बायकोनं सांगितलेली भाजीची यादी घाईत शाळेच्या पेनानं लिहिली गेली, तर दुसऱ्या दिवशी सरांनी त्या पेनात नवी रिफिल घातली. आम्ही खूप हसलो. मुख्याध्यापक राजूरकर सर तर म्हणाले, “नगराळे, यादीत मेथी होती की केशर?”

सरांच्या आजोबांनी नागपूरला जाऊन दीक्षा घेतलेली. सर रोज सकाळी वणीला घरी पंचशील म्हणून मगच एसटीत बसायचे. पाचांपैकी दुसऱ्या शीलावर त्यांचा विशेष जीव. अदिन्नादाना. “त्यात चोरी करू नका असं म्हटलं नाही, मॅडम,” मला एकदा सांगत होते. “ते सोपं हाय. दिलेलं नाही ते घेऊ नका, असं हाय. हे लय अवघड हाय. आपण दिवसभर न दिलेलंच घेऊन राह्यलो असतो.”

ते किती अवघड आहे हे सातवीच्या सहलीत सगळ्यांना कळलं. बाबुळगावच्या बाजूला एका शेताच्या धुऱ्यावर, बांधावर, बोरी लागलेल्या. पोरांनी बोरं तोडली, खिसे भरले. सरांनी सगळ्यांना खाली बसवलं, बोरं एका रुमालात गोळा केली आणि मालक शोधायला उन्हातून निघाले. अर्ध्या तासानं एका म्हाताऱ्याला घेऊन आले. तो बिचारा काहीतरी मोठं नुकसान झालं असेल म्हणून धावत आला होता. त्यानं रुमालातली बोरं पाहिली.

“सर, हे तं पाखरं बी खातेत,” तो म्हणाला.

“पाखराइनं शील घेतलं नाही,” सर म्हणाले. “तुमी ‘दिलं’ म्हणा, म्हणजे पोरं खाऊन राह्यतील.”

म्हातारा ‘दिलं’ म्हणाला. वरून आपल्या धोतराच्या सोग्यातून आणखी दोन ओंजळी बोरं ओतली. पोरांनी मात्र नंतर कित्येक दिवस एकमेकांचं खोडरबर पळवून ‘पाखरू हाओ मी’ म्हणायचा खेळ चालवला.

सरांचा दुसरा छंद म्हणजे ‘कोणी?’ हा प्रश्न. हा छंद राजूरकर सरांमुळे जडला. राजूरकर सरांचं सगळं आयुष्य कर्मणी प्रयोगात गेलेलं. त्यांच्या तोंडी आणि नोटिशीत कधी कुणी काही करत नसे. सगळं आपोआप ‘करण्यात येई’. ‘प्रयोगशाळेची चावी हरवण्यात आली आहे.’ ‘प्रसाधनगृहाचे दार तोडण्यात आले आहे.’ नगराळे सर नोटीस शांतपणे वाचत, खिशातलं स्वतःचं पेन काढत आणि खाली बारीक अक्षरात लिहीत, ‘कोणी?’ चावी राजूरकर सरांच्याच कोटात सापडली तेव्हा दुसरी नोटीस लागली: ‘चावी सापडण्यात आली आहे.’ तिच्याखाली सरांनी काही लिहिलं नाही. फक्त उजव्या हाताची तर्जनी उचलून हवेत बरोबरची खूण केली. ही त्यांची सवय. वर्गात पोराचं उत्तर बरोबर आलं की ‘शाबास’ वगैरे म्हणत नसत. बोटानं हवेत एक खूण. पोरं त्या खुणेसाठी जीव टाकायची.

संगणक आले तेव्हा त्यांच्यासोबत वणीचा संजूही आला. संजूचं संगणकाचं दुकान होतं आणि तालुक्यातल्या निम्म्या शाळा त्याच्या भरवशावर चालत. त्यानं एका सीडीवरून पाचही संगणकांत विंडोज टाकली. सरांनी ती सीडी हातात घेऊन उलटसुलट पाहिली. वर निळ्या मार्करनं लिहिलं होतं, ‘ओरिजनल’.

“संजू, याचं लायसन?”

“सर, ओरिजनल हाय ना. लिहिलं हाय वर.”

“लिहिलं कोणी?”

“म्याच लिहिलं,” संजू प्रामाणिकपणे म्हणाला.

सरांनी त्याला चहा पाजला आणि वाटेला लावलं. मग दिवाळीच्या सुटीत त्या विंडोजच्या जागी टाकायला कुठूनशी लिनक्सची सीडी मिळवली. ती फुकट होती, यानं ते उलट जास्तच घाबरले. फुकट कायले देतेत, या प्रश्नाचं उत्तर मिळेपर्यंत तिला हात लावायचा नाही असं ठरवून त्यांनी तिचा सगळा परवाना डिक्शनरी घेऊन वाचला. जगात तो पूर्ण वाचणारे दोघंच असावेत, एक ज्यानं लिहिला तो आणि एक आमचे सर. शेवटी तीन दिवसांनी स्टाफरूममध्ये येऊन जाहीर केलं, “दिलेलं हाय. ज्यानं बनवलं त्यानंच सगळ्याइले दिलं हाय. वापरा म्हणते, उघडून पाहा म्हणते, दुसऱ्याले द्या म्हणते.” एखाद्याला हरवलेलं गणगोत सापडावं तसं.

आम्हाला मात्र काही सापडलं नव्हतं. आमचा पत्त्यांचा खेळ गेला. राजूरकर सरांच्या पत्रांतली अक्षरं चौकोन होऊन बसली. पडद्यावर एक पेंग्विन आला, त्याला शिपाई टेकाम काका बदक म्हणायचे, आणि त्यामुळे सगळी शाळाच त्या प्रणालीला ‘सरचं बदक’ म्हणू लागली. वर सरांनी तिची भाषाही मराठी करून घेतली होती. संगणक आमच्याशी ‘उघडा’, ‘जतन करा’, ‘बंद करा’ असं बोलू लागला. मराठीची शिक्षिका म्हणून मला अभिमान वाटायला हवा होता. खरं सांगते, मला तो पत्त्यांचा खेळ हवा होता.

तर आता डोंगल.

दहावीचे परीक्षेचे फॉर्म ऑनलाइन भरायचे होते. आदल्या वर्षी ते वणीच्या नेट कॅफेत भरले होते, आणि तिथं घाईत बसलेल्या माणसानं एका मुलीच्या नावात तिच्या बापाच्या जागी गावाचं नाव घातलं. ती मुलगी ‘शीतल मार्डी’ म्हणून पास झाली. ते दुरुस्त करायला तिच्या बापाच्या चपला झिजल्या. सर तिचे वर्गशिक्षक. तेव्हाच त्यांनी ठरवलं, यंदा फॉर्म शाळेतच भरायचे, एकेक नाव पोरांना वाचून दाखवून. बेचाळीस पोरं होती. पण रस्त्याच्या कामात जेसीबीनं फोनची वायर उखडली आणि शाळेचं नेट गेलं. त्या काळी फोनवरून संगणकाला नेट देता येतं हे आमच्यात कुणाला ठाऊक नव्हतं. निम्म्यांकडे बटणांचेच फोन होते. राजूरकर सरांनी वणीहून एका मोबाइल कंपनीचं डोंगल आणलं. बोटाएवढी पांढरी कांडी, आत सिम. संगणकाला खोचली की नेट सुरू. शेवटच्या तारखेला चार दिवस होते.

रेंज फक्त गच्चीवर, पाण्याच्या टाकीजवळ. टेकाम काकांनी एक संगणक वर नेला. बाकावर मॉनिटर, मॉनिटरवर उन्हासाठी काळी छत्री, खिडकीतून ओढलेली विजेची वायर. कापूस वेचून परतणाऱ्या बाया खाली थांबून विचारायच्या, सर सिनेमा दाखवून राह्यले का.

सरांनी डोंगल खोचलं. हिरवा दिवा लागला. पडद्यावर सीडीचं चित्र आलं आणि त्याखाली दोन शब्द: ‘उघडा’ आणि ‘बाहेर काढा’.

सीडी कुठून आली, हे कुणाला कळेना. सरांनी ‘उघडा’वर टिचकी मारली. आत कंपनीचा प्रोग्राम होता, तो विंडोजसाठी केलेला. बदकाला तो पचेना. मग उरलं ‘बाहेर काढा’. सरांनी त्यावर टिचकी मारली आणि शिस्तीत डोंगल उपटून बाहेर काढलं. पेनड्राइव्हचं आम्हाला त्यांनीच शिकवलं होतं: आधी पडद्यावर सांगायचं, मगच हातानं काढायचं, नाही तर आतला माल बिघडतो.

पुन्हा खोचलं. पुन्हा हिरवा दिवा, पुन्हा ‘उघडा’, ‘बाहेर काढा’. पुन्हा काढलं. पहिल्या दिवशी हे किती वेळा झालं याची नोंद सरांच्या वहीत होती. मी पाहिली तेव्हा एकतीस उभ्या रेघा होत्या.

दुसऱ्या दिवशी सर माझ्याकडे आले. माझा रिकामा तास होता.

“मॅडम, व्याकरणाचं काम हाय. ‘बाहेर काढा’ हे कोणतं रूप?”

“आज्ञार्थ.”

“कर्ता?”

“अध्याहृत,” मी म्हणाले. कुणी व्याकरण विचारलं की माझ्या अंगात बळ येतं. “वाक्यात दिसत नाही, पण असतो. ‘तुम्ही’. म्हणजे, तुम्ही बाहेर काढा.”

“म्हणजे ते मलेच सांगून राह्यलं.”

“अर्थात. तिथं दुसरं आहेच कोण?”

सरांनी हवेत बरोबरची खूण केली आणि गच्चीवर जाऊन ते डोंगल पूर्ण निष्ठेनं बाहेर काढत राहिले. माझ्या या व्याकरणानं बेचाळीस पोरांचे दोन दिवस खाल्ले, हे मी आजवर कुठल्याच प्रशिक्षणात सांगितलेलं नाही.

तिसऱ्या दिवशी संध्याकाळी राजूरकर सरांनी बैठक घेतली. घेण्यात आली, म्हणायला हवं. “उद्या शेवटची तारीख आहे. संगणकात विंडोज टाकण्यात यावी, असं ठरवण्यात आलं आहे. संजूला बोलावण्यात आलं आहे.”

सगळ्यांनी सरांकडे पाहिलं. मला वाटलं, आता ‘कोणी ठरवलं?’ विचारतील. नाही विचारलं.

“उद्या तीन वाजेपर्यंत मले द्या,” ते म्हणाले. “नाही झालं तर टाकू. पण संजू नाही टाकणार. मी टाकीन, माझ्या हातानं. पाप असलं तर ते दुसऱ्याच्या हातानं कराचं नाही. त्याच्यासाठी पोराइचं साल बुडवणं हे त्याहून मोठं पाप हाय, एवढं मले समजते.”

आम्ही त्यांच्या पेनांवर, बोरांवर, बदकावर इतकी वर्षं हसत आलो होतो. त्या दिवशी कुणी हसलं नाही. मला वाटलं, या माणसाकडे आयुष्यभर जपलेली एकच गोष्ट आहे आणि ती आपण सगळे मिळून एका बोटभर कांडीसाठी मोडायला लावतो आहोत. पण असं वाटून मी काही केलं नाही. घरी गेले.

दुसऱ्या दिवशी तीनला गच्चीवर सगळे जमले. राजूरकर सर, संजू, त्याच्या हातातली ती ‘ओरिजनल’, टेकाम काका, मी. खाली पटांगणात दहावीचा वर्ग आपापल्या फॉर्मच्या झेरॉक्स घेऊन उभा. सरांनी एकदा शेवटचं डोंगल खोचलं. हिरवा दिवा. ‘उघडा’. ‘बाहेर काढा’. सरांनी ‘बाहेर काढा’वर टिचकी मारली.

“वाजले तीन,” राजूरकर सर म्हणाले.

सरांचा डोंगलकडे गेलेला हात तिथंच थांबला. “हो,” ते म्हणाले. “एक मिनिट मले एकटं राहू द्या.” ते उठले, टाकीच्या पलीकडे गेले आणि आमच्याकडे पाठ करून हात जोडून उभे राहिले. ओठ हलत होते. उद्या सकाळी पंचशीलाचं दुसरं वाक्य कोणत्या तोंडानं म्हणायचं, हेच बहुधा स्वतःला विचारत असावेत. टेकाम काकांनीसुद्धा टोपी काढली. संगणकाकडे कुणी पाहत नव्हतं.

पाहिलं ते संजूनं. “सर,” तो म्हणाला, “दिवा निळा झाला.”

हिरवा दिवा निळा झाला होता. सीडीचं चित्र आपोआप गेलं होतं आणि वर कोपऱ्यात नवे शब्द आले होते: ‘मोबाइल ब्रॉडबँड’. सर धावत आले, खाली बसले. संगणकानं देश विचारला, भारत म्हटलं. कंपनी विचारली, सांगितली. आणि नेट लागलं.

टेकाम काकांनी डोंगलला हात जोडले. “सरच्या पुण्याईनं झालं बाप्पा.”

“हात जोडू नका,” सर कडाडले. इतक्या वर्षांत त्यांचा चढलेला आवाज मी फक्त त्या दिवशी ऐकला. “चमत्कार बिमत्कार काही नाही. हे असं काहून झालं, ते पाह्यलं पाहिजे.” आणि राजूरकर सर ‘फॉर्म, फॉर्म’ म्हणून कळवळत असताना या माणसानं लागलेलं नेट तोडलं, डोंगल उपटलं आणि परत खोचलं. हिरवा दिवा. ‘बाहेर काढा’वर टिचकी. मग दोन्ही हात पाठीमागे बांधून बसले आणि मोठ्यानं आकडे मोजू लागले. अकराला दिवा निळा झाला. पुन्हा उपटलं, पुन्हा खोचलं, पुन्हा मोजलं. एकदा झालं तर योगायोग, तीनदा झालं तर नियम, हे ते पाचवीपासून शिकवत आले होते. स्वतःला सूट कशी देतील? तिसऱ्यांदा निळा झाला तेव्हा राजूरकर सर टाकीला टेकून बसले होते.

मग सर माझ्याकडे वळले. “मॅडम, तुमचा कर्ता चुकला.”

“कसा काय?”

“ते आपल्याले सांगत नव्हतं. आपण त्याले सांगाचं होतं. हे आधी सीडीचं सोंग घेऊन येते. आपण म्हणाचं, बाहेर काढ ते सोंग. आणि मंग गप बसाचं. ते आपल्या हातानं सोंग काढते अन् नेट देणारं मोडेम होऊन वापस येते. मी हुकूम बी देत होतो अन् मीच पाळत बी होतो.” जरा थांबून म्हणाले, “नोकरीत सवय झाली ना. समोर ‘करा’ दिसलं की आपल्यालेच वाटते.”

आज्ञा फक्त शासनाच्या परिपत्रकातूनच येते असं नाही, आपणही कुणाला तरी ती देऊ शकतो, हे मलाही सुचलं नव्हतं.

मग फॉर्म सुरू झाले. सर गच्चीच्या कठड्यावरून खाली एकेक नाव वाचून दाखवायचे, स्पेलिंगसकट, पोरगं खालून ‘बरोबर’ म्हणून ओरडायचं, मग टिचकी. बापाचं नाव, आईचं नाव, गाव. ज्याचा फॉर्म गेला त्याला वरून हवेत एक खूण. सहाला साइट बंद होणार होती. बेचाळिसावी मुलगी ‘बरोबर’ म्हणाली तेव्हा उन्हं उतरली होती आणि गच्चीवर डास आले होते. संजू आपली सीडी खिशात घालून केव्हाच जिना उतरून गेला होता, पण जाताना म्हणाला, “सर, मले बी एक बदक द्या न.”

वार्षिक अहवालात या प्रसंगाबद्दल एकच वाक्य आलं: ‘मुख्याध्यापकांच्या मार्गदर्शनाखाली अडचण दूर करण्यात आली.’ सरांनी खाली नेहमीचा प्रश्न लिहिला की नाही, मला ठाऊक नाही. संगणकखोलीच्या भिंतीवर मात्र त्यांनी पुढच्यांच्या सोयीसाठी ठळक अक्षरात लिहून ठेवलं:

आत घाला.
‘बाहेर काढा’ म्हणा.
बाहेर काढू नका.
वाट पाहा.

पुढल्या वर्षी तपासणीला आलेले साहेब त्या भिंतीसमोर बराच वेळ उभे राहिले. “हे काय आहे?” त्यांनी विचारलं. राजूरकर सर क्षणभर गोंधळले आणि म्हणाले, “सर, मूल्यशिक्षण.” साहेबांनी मान डोलावली. शेरेबुकात लिहिलं, ‘भिंतीवरील सुविचार अंतर्मुख करणारे.’

सर गेल्या वर्षी निवृत्त झाले. भेटवस्तूच्या कमिटीत मी होते. लॅपटॉप द्यायचं ठरलं, आणायचं काम माझ्याकडे. कार्यक्रम बाराला आणि साडेदहाला संजूचा दुकानातून फोन. “मॅडम, रिकामा लॅपटॉप हाय. सरचं बदक टाकू का आपली नेहमीची ‘ओरिजनल’? बदकाले टाइम लागीन.” माझ्यासमोर हार यायचे होते, पेढे यायचे होते, पाहुण्यांना फाट्यावरून आणायचं होतं. मी म्हणाले, “टाक नेहमीची. काय फरक पडतो आता?” फोन ठेवला आणि तेवढ्यात मला गच्चीवरची ती पाठ आठवली. पण मी परत फोन केला नाही.

स्टेजवर राजूरकर सर बोलले. तेही निवृत्तच, पण खास आलेले. “आदरणीय नगराळे सरांना लॅपटॉप प्रदान करण्यात येत आहे. त्यात सर्व काही टाकण्यात आलेलं आहे.” ‘टाकण्यात आलेलं’ ऐकताच सरांची मान वर झाली. त्यांनी दोन्ही हातांनी भेट घेतली, सगळ्यांना नमस्कार केला. भाषण केलं नाही. खिशातलं शाळेचं पेन काढून टेबलावर ठेवलं, संगणकखोलीची किल्ली ठेवली, आणि खिसा चाचपून खडूचा एक तुकडा सापडला तोही ठेवला. पोरं हसली. मी मागे उभी होते आणि मला कुठं तोंड लपवावं कळत नव्हतं.

कार्यक्रम संपला तरी माझ्या जिवाला चैन पडेना. त्यांच्या टेबलाच्या खणात ते जुनं डोंगल होतं. कंपनीची ती सेवा कधीच बंद पडली होती. आठवण म्हणून तरी द्यावं, असं मनाला सांगत मी ते घेतलं आणि फाट्याकडे निघाले. चालताना कळत होतं की आपण डोंगल द्यायला चाललेलो नाही.

वणीची एसटी उभी होती. सर खिडकीशी बसलेले, मांडीवर लॅपटॉप उघडा, त्यात पेनड्राइव्ह खोचलेला. हार बाजूच्या सीटवर. पडद्यावर एक निळी पट्टी हळूहळू पुढे सरकत होती.

“सर, हे राहिलं होतं,” मी डोंगल खिडकीतून पुढे केलं.

“ते शाळेचं हाय, मॅडम. डेडस्टॉकच्या वहीत नोंद हाय त्याची.”

“मी देते ना.”

“तुमचं हाय का?”

मी हात मागे घेतला. ते पुन्हा पडद्याकडे पाहू लागले. “विंडोज पुसून राह्यलो,” म्हणाले. “वणी येईपर्यंत होऊन जाईल. तोवर मांडीवर चोरीचा माल हाय, तेवढा प्रवास करा लागीन.” मग चष्मा कपाळावर सरकवला, वर्गात सरकवायचे तसा. “सर्व काही टाकण्यात आलं, म्हणे. टाकलं कोणी?”

संजूनं, असं म्हणता आलं असतं. व्याकरणानं ते बरोबरही होतं. ‘टाक’ याचा अध्याहृत कर्ता ‘तू’, म्हणजे संजू. कंडक्टर दार लावत होता.

“मी,” मी म्हणाले. “संजूला ‘टाक’ म्हणून मीच सांगितलं. ठाऊक असून सांगितलं.”

सरांनी माझ्याकडे पाहिलं. रागावलेले नव्हते, वहीत उत्तर तपासतात तसे पाहत होते. घंटी वाजली, एसटी हलली. मी बाजूला झाले. धुरळ्यातून खिडकी पुढे गेली, आणि तिच्यातून एक हात बाहेर आला. तर्जनी उचलली आणि हवेत बरोबरची खूण केली.